जामिनाच्या दिवशी फिर्यादी कुठे असतो?

वस्तीवर हल्ला होतो, डोकी फुटतात, गुन्हा दाखल होतो. पुढे आरोपी जामिनावर सुटून त्याच रस्त्याने मिशीला पीळ देत फिरतो. साक्षीदार फुटतात, खटला कोसळतो.

आरोपी पळून जाईल काय, साक्षीदारांना धमकावील काय, हे न्यायालय जामीन देताना पाहते. पण गावातली धमकी न्यायाधीशांना सांगणार कोण? म्हणूनच २०१५ च्या दुरुस्तीने अॅट्रॉसिटी कायद्यात कलम १५अ आले. जामीन अर्जाची सूचना पीडिताला मिळालीच पाहिजे, त्याचे म्हणणे ऐकलेच पाहिजे. ही सूचना न दिल्याने राजस्थानातील एका खून प्रकरणातला जामीन सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली रद्द केला.

कलम १८ अटकपूर्व जामीनही रोखते. २०२४ च्या विधानसभा निवडणुकीत सांगितल्याप्रमाणे मत दिले नाही म्हणून धाराशिव जिल्ह्यात लोखंडी गजाने मारहाण व जातिवाचक शिवीगाळ झाल्याची फिर्याद होती. उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने अटकपूर्व जामीन दिला. १ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. प्रथमदर्शनी गुन्हा दिसत असेल तर या टप्प्यावर पुराव्याची छाननी करून खटलाच चालवता येत नाही, असे बजावले.

तेव्हा बांधवांनो, फिर्याद नोंदवून घरी बसू नका. धमकी आली की त्याच दिवशी लेखी तक्रार द्या, पोच घ्या, ती जामिनाच्या सुनावणीत मांडा. मोर्चाला हजारो जमतात. जामिनाच्या तारखेला चौघे तरी कोर्टात हजर राहा!