कॉलेजचें नियामक मंडळ आणि कोर्टाची पायरी



अशी कल्पना करा कीं, सोलापुरांत शुक्रवार पेठेंतील एका घरीं टपालानें दोन लिफाफे येतात. घरांतील वडील गृहस्थ एका शिक्षणसंस्थेचे जुने वर्गणीदार सभासद. दोन्ही लिफाफ्यांत त्याच संस्थेच्या सर्वसाधारण सभेचें निमंत्रण. वार एक, वेळहि एक. परंतु सभेची जागा निराळी आणि खालीं सही करणारे चिटणीसहि निराळे! कॉलेजच्या नियामक मंडळाचा तंटा सामान्य सभासदाच्या उंबरठ्याशीं येतो तो बहुधा याच रूपानें.

आपल्याकडील पुष्कळशीं कॉलेजें खाजगी संस्थांनीं काढलेलीं आहेत. अशी संस्था बहुधा १८६० च्या संस्था नोंदणी कायद्यान्वयें नोंदलेली असते आणि १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्थेच्या कायद्याखालीं तीच सार्वजनिक न्यासहि ठरते. म्हणून नियामक मंडळावरील गृहस्थ नुसता मानकरी नव्हे. कायदा त्यास विश्वस्त समजतो. हें मंडळ आणि २०१६ च्या विद्यापीठ कायद्यानें प्रत्येक कॉलेजांत नेमावयास लावलेली महाविद्यालय विकास समिति यांची मात्र गल्लत करूं नये. त्या समितींत प्राध्यापकांनीं निवडलेले तीन प्रतिनिधि असतात आणि प्राचार्य तिचे सदस्यसचिव. मालमत्ता, नेमणुका आणि तिजोरीच्या किल्ल्या यांवरून भांडण होतें तें पहिल्या मंडळांत.

कोर्टांत गेल्यावर अमुक उमेदवार विद्वान कीं तमुक दानशूर, हा प्रश्न फारसा निघतच नाहीं. न्यायाधीश विचारतात तें अगदीं रुक्ष असतें: सभेची नोटीस कोणी काढली? ती घटनेंत सांगितलेल्या मुदतीआधीं पोंचली काय? आणि मत देणारे हे खरोखर सभासद होते काय? या शेवटल्या प्रश्नावर कितीतरी मंडळें कोसळलीं आहेत. १८६० च्या कायद्याचें पंधरावें कलम सांगतें कीं, ज्याची वर्गणी तीन महिन्यांहून अधिक थकली असेल त्यास मत देतां येत नाहीं, आणि सभासदांच्या मोजणींतहि तो धरला जात नाहीं. आमच्या शेजारच्या गुलबर्ग्याच्या हैदराबाद कर्नाटक एज्युकेशन सोसायटीचा असाच वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. कर्नाटकाच्या कायद्यांतील याच स्वरूपाचा नियम १९९९ च्या अखेरीस न्यायालयानें ग्राह्य ठरविला. संघटना करण्याच्या स्वातंत्र्यावर त्यानें घाला पडतो, हें म्हणणें मानलें नाहीं. वर्गणीची एक पावती म्हणजे केवढी मोठी वस्तु!

निवडणूक आटोपली कीं नव्वद दिवसांच्या आंत धर्मादाय आयुक्तांच्या कचेरींत बदल अर्ज द्यावा लागतो. वकील मंडळी त्यास ‘चेंज रिपोर्ट’ म्हणतात. येथें एक समजूत फार रूढ आहे. हा अर्ज मंजूर होईपर्यंत नवें मंडळ अस्तित्वांतच येत नाहीं, असें पुष्कळांस वाटतें. वस्तुतः अर्ज म्हणजे घडलेल्या गोष्टीची वर्दी होय. चेंबूर ट्रॉम्बे एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणीं मुंबई उच्च न्यायालयानें हेंच सांगितलें: अर्ज प्रलंबित आहे एवढ्यावरून निवडून आलेल्या मंडळास हात बांधून बसावें लागत नाहीं. व्यवहार मात्र निराळा. बँक परिशिष्ट एकचा उतारा मागते आणि उताऱ्यावर जुनींच नांवें असतात! अर्ज तात्पुरता स्वीकारण्याची सोय २०१७ च्या दुरुस्तीनें झाली ती या अडचणीवर उपाय म्हणून.

दरम्यान कॉलेजांत काय होतें? प्राचार्यांच्या मेजावर दोन अध्यक्षांचीं दोन पत्रें पडतात. रिकाम्या जागेसाठीं मुलाखती घ्यावयाच्या, तर कोणत्या ठरावानें? विद्यापीठानें मान्यता द्यावयाची, तर कोणाच्या प्रस्तावास? तासिका तत्त्वावरचा तरुण प्राध्यापक वर्षामागून वर्ष तसाच राहतो, आणि ज्या वर्गास तो शिकवितो त्यांतील मुलें पदवी घेऊन निघूनहि जातात. निकालावर अपील, मग जिल्हा न्यायालय, मग उच्च न्यायालय. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरास सर्किट बेंच बसूं लागल्यामुळें सोलापूरकरांची मुंबईची खेप वांचली, हें खरें. पायऱ्या मात्र तितक्याच आहेत.

१८९० सालीं डेक्कन एज्युकेशन सोसायटींत आजीव सदस्यांच्या नियमांवरून मतभेद विकोपास गेले, तेव्हां टिळकांनीं सविस्तर कारणें लिहून राजीनामा दिला. आजकाल राजीनाम्याऐवजीं वकीलपत्र दिलें जातें, एवढाच काय तो फरक!

आतां शुक्रवार पेठेंतील त्या गृहस्थांकडे पुन्हां वळूं. कोणत्या सभेस जावें, हें त्यांनीं शेजाऱ्यास विचारण्यापूर्वीं संस्थेच्या घटनेची प्रत काढावी. सभा बोलाविण्याचा अधिकार कोणास आणि नोटिशीची मुदत किती, हें तींत लिहिलेलें असतें. दोन्ही लिफाफ्यांवरील टपालाचे शिक्के त्या मुदतीशीं ताडून पाहावे, लिफाफे फेंकूं नयेत, आणि कपाटांत यंदाच्या वर्गणीची पावती आहे कीं नाहीं, तें आजच पाहावें.