जादू ओसरते तेव्हा नेमके काय ओसरते?

इंग्रजी फँटसी साहित्यात, म्हणजे स्वतंत्र अद्भुत सृष्टी कल्पून लिहिलेल्या कथा-कादंबऱ्यांत, जादू पुष्कळदा जमिनीत, वाऱ्यात, शब्दांत आणि सजीवांत भरून राहिलेल्या एका शक्तिक्षेत्राच्या रूपात येते आणि मांत्रिक या क्षेत्राच्या आधारानेच आपले काम साधतो. असे क्षेत्र एकदा मानले, की ते आटूही शकते हे ओघानेच येते. मात्र आटण्याची क्रिया कशी कल्पावी, याविषयी दोन समर्थ लेखकांनी अगदी वेगळ्या वाटा धरल्या आहेत.

पहिली वाट अमेरिकन लेखक लॅरी निव्हन यांची. ‘माना’ ही मेलनेशियन आणि पॉलिनेशियन समाजांतील अलौकिक सामर्थ्याची संकल्पना रॉबर्ट कॉड्रिंग्टन यांच्या १८९१ सालच्या ग्रंथामुळे युरोपीय मानववंशशास्त्रात रुजली होती. निव्हन यांनी ‘नॉट लाँग बिफोर द एंड’ या १९६९ सालच्या कथेत तिला खनिजासारख्या मर्यादित साठ्याचे रूप दिले. कथेतील मांत्रिक धातूचे एक चक्र मंतरून उत्तरोत्तर वाढत्या वेगाने फिरवतो, ते भोवतालची सगळी माना शोषून घेते आणि ती संपताच मोडून पडते; त्यानंतर त्या जागी कोणताही मंत्र चालत नाही. ‘द मॅजिक गोज अवे’ (१९७८) या दीर्घकथेत तर उरलेले मांत्रिक चंद्रावरची माना मिळवण्यासाठी चंद्रच खाली ओढण्याचा बेत करतात. ही कल्पना चतुर आहे आणि सत्तरच्या दशकातील तेलटंचाईची छाया या दीर्घकथेवर स्पष्ट दिसते. पण या कल्पनेत हिशेब फक्त साठ्याचा आहे.

अर्सुला के. ल ग्विन यांनी ‘द फार्देस्ट शोअर’ (१९७२) या अर्थसी मालिकेतील तिसऱ्या कादंबरीत त्याहून खोल प्रश्न हाताळला आहे. अर्थसी हा असंख्य बेटांचा समुद्र असून तेथील जादू आदिभाषेवर, म्हणजे प्रत्येक वस्तूच्या खऱ्या नावावर, उभी आहे. मांत्रिक ते नाव उच्चारतो आणि वस्तू त्याला प्रतिसाद देते. भौतिकशास्त्रात एका वस्तूच्या कंपनाने तितक्याच नैसर्गिक वारंवारतेची दुसरी वस्तू कंप पावू लागते, तेव्हा त्याला अनुनाद म्हणतात, आणि अर्थसीतील मंत्र व वस्तू यांचे नाते याच जातीचे आहे. जवारी बिघडलेल्या तंबोऱ्याची तार स्वरात असूनही आस हरवून बसते, त्याप्रमाणे या कादंबरीत शब्द उरतात आणि त्यांचा प्रतिसाद मात्र नाहीसा होतो.

या ऱ्हासाच्या खुणा ल ग्विन यांनी युद्धात किंवा उत्पातात न दाखवता रोजच्या कामांत दाखवल्या आहेत, आणि कादंबरीचे खरे सामर्थ्य तेथेच आहे. रेशमासाठी नावाजलेल्या लॉर्बानरी बेटावर रंगाऱ्यांची विद्या हरपते, माल निकृष्ट होतो, लोक एकमेकांना दोष देत बसतात आणि जादू पूर्वी कधी होतीच का, असेही म्हणू लागतात. खुल्या समुद्रावर तराफ्यांवर राहणाऱ्या लोकांचे गायक वार्षिक नृत्याच्या रात्री गाणे विसरून थबकतात. आणि आदिभाषा ही ज्यांची जन्मभाषा, ते ड्रॅगनही मुके होतात. विस्मरणाबरोबर कामावरची निष्ठा आणि शेजाऱ्यावरचा विश्वासही जातो.

याचे कारण शोधत महामांत्रिक गेड आणि तरुण राजपुत्र ॲरेन पश्चिमेच्या टोकाला, सेलिडोर बेटावर, पोहोचतात. कॉब नावाच्या मांत्रिकाने मरणाच्या भयाने जीवितांचे आणि मृतांचे जग यांच्यामधील सीमा भेदून एक दार उघडलेले असते, आणि त्या दारातून जगाचा प्राण झिरपत असतो. कॉबने वस्तुतः काहीच लुटून साठवलेले नाही. अमरत्वाच्या लोभात त्याने स्वतःचे नावही गमावले आहे, आणि त्याने दिलेल्या आश्वासनाला भुलून ज्या-ज्या मांत्रिकांनी मरण नाकारले, त्यांची विद्याही तशीच ओसरली आहे. मरण नाकारणाऱ्याच्या हातून जीवनाचा अर्थही सुटतो, असे हे कार्यकारण असून ते निव्हन यांच्या साठ्याच्या हिशेबात बसणारे नाही.

दार मिटवण्यासाठी गेडला आपली सगळी शक्ती खर्ची घालावी लागते आणि ती त्याला परत मिळत नाही. नायकाच्या विजयानंतर त्याचे सामर्थ्य दुणावण्याची या साहित्यप्रकारातील रूढी ल ग्विन यांनी येथे निग्रहाने मोडली, आणि ‘तेहानू’ (१९९०) या पुढच्या कादंबरीत शक्तिहीन गेडचे साधे जगणे सांगून त्या निर्णयाशी त्या प्रामाणिकही राहिल्या.

तरीही या उत्तराने त्यांचे समाधान झाले नसावे. ‘द अदर विंड’ (२००१) या कादंबरीत त्यांनी मृतांचे ते जग, म्हणजे एक कोरडा प्रदेश, आणि त्याच्या सीमेवरची भिंत हीच मुळात प्राचीन मांत्रिकांच्या अमरत्वाच्या हव्यासातून निर्माण झाल्याचे उघड केले. कॉबचा अपराध म्हणजे त्याच्या विद्येच्या पूर्वसूरींनी केलेल्या अपराधाचीच पुनरावृत्ती ठरली, आणि यावेळी दार मिटवण्याऐवजी भिंतच पाडून मृतांना मुक्त करावे लागले. ‘द फार्देस्ट शोअर’ वाचून थांबलेल्या वाचकाने म्हणूनच ‘द अदर विंड’ही अवश्य वाचावी; गेडने मिटवलेल्या दारामागची सगळी हकिगत तिच्यातच आहे.