राखेवर नांदलेलं रान

27 ऑगस्ट 1883 च्या सकाळी जावा आणि सुमात्रा यांच्यामधलं क्राकाटोआ हे ज्वालामुखी बेट फुटलं. बेटाचा सुमारे दोन तृतीयांश भाग समुद्रात गेला. उद्रेकाने आणि त्यातून उसळलेल्या लाटांनी दोन्ही किनाऱ्यांवरची 36 हजारांहून अधिक माणसं नेली. मागे उरला तो राकाटा नावाचा डोंगर, तापलेल्या राखेखाली गाडलेला.

नऊ महिन्यांनी, मे 1884 मध्ये, एदमाँ कोतो हे फ्रेंच निसर्गअभ्यासक तिथे उतरले. पुष्कळ शोधाशोध केल्यावर त्यांना एकच जीव दिसला: एक अगदी बारीक कोळी. त्या ओसाडीत तो जाळं विणत होता. कोळ्याची पिल्लं स्वतःच्या धाग्यावर तरंगत वाऱ्याबरोबर लांबवर जातात, हाही तसाच आला असणार. पण जाळ्यात अडकायला माशी कुठे होती?

नुसतं पोहोचून भागत नाही, नांदायला सोबत लागते. 1886 मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ मेल्खिओर त्रॉइब यांना राखेवर शेवाळाचा बुळबुळीत थर आढळला आणि त्याच्या ओलाव्यावर उगवलेले नेचे. भरतीबरोबर वाहत आलेल्या बिया किनाऱ्याला रुजल्या होत्या. पुढे घोरपडी आल्या, गवत माजलं, झाडं उभी राहिली.

मला सर्वांत थक्क करते ती वड-उंबराच्या कुळाची हकीकत. उंबर फोडला की आत किडे वळवळतात, हे आपण लहानपणापासून पाहतो. त्यातल्याच चिमुकल्या गांधीलमाश्या परागीभवन करतात. बहुतेक प्रत्येक जातीच्या झाडाची माशी वेगळी आणि तिचं प्रौढ आयुष्य जेमतेम एक-दोन दिवसांचं. वटवाघळांच्या, पाखरांच्या विष्ठेतून बी पडलं, झाड वाढलं, तरी त्याची ठरलेली माशी सुमारे 40 किलोमीटर समुद्र ओलांडून येईपर्यंत फळात बी धरत नाही. अशा अवघड जोड्या जमल्या आणि या कुळातल्या वीसहून अधिक जाती राकाटा आणि शेजारच्या बेटांवर पोहोचल्या. फळं लागली तशी फळं खाणारी पाखरं टिकली आणि त्यांनी आणखी बिया आणल्या.

रान दाटलं, तेव्हा उघड्या माळावर शिकार करणारा खाटीक पक्षी मात्र तिथून नाहीसा झाला. सुरुवातीच्या दिवसांत आलेल्यालाच जागा उरली नाही, याची हळहळ वाटते.

जुन्या विवरातून वर आलेलं अनाक क्राकाटोआ हे नवं ज्वालामुखी बेट 1930 पासून पाण्याबाहेर आहे. 1952 च्या उद्रेकात त्यावरची हिरवळ जळाली, तरी पुन्हा उगवली. 22 डिसेंबर 2018 ला त्याचा कडा कोसळून उठलेल्या त्सुनामीत 400 हून अधिक माणसं गेली. तिथे पुन्हा रुजणाऱ्या बियांना आता थेट जावाहून यावं लागत नाही. राकाटाचं रान अवघ्या काही किलोमीटरवर आहे.