पायांना कळणारी इमारत

आधुनिक इमारत म्हणजे जगभर सारखीच दिसणारी काचेची पेटी, असं वाटत असेल तर केनेथ फ्रॅम्प्टन जरूर वाचा. या ब्रिटिश वास्तु-इतिहासकाराचा 'क्रिटिकल रीजनॅलिझम'वरचा निबंध १९८३ सालचा. (ही संज्ञा त्याआधी झोनिस आणि लफेव्हर या अभ्यासकांनी वापरली होती.) फ्रॅम्प्टनचं म्हणणं असं, की नवं तंत्र खुशाल घ्या, पण तिथलं ऊन, वारा, जमिनीचा उतार सोडू नका. जुन्या कमानींची नक्कल मात्र त्याला अजिबात मान्य नाही.

मला सर्वांत आवडतं ते त्याचं फिनलंडमधल्या सायनात्सालोच्या नगरभवनाचं वाचन. आल्वार आल्टोची ही १९५२ची वास्तू. विटांच्या जिन्यावर पाऊल घट्ट बसतं. वर सभागृहात मात्र पायाखाली गुळगुळीत लाकूड येतं, किंचित लवचिक, वेगळ्या आवाजाचं, वेगळ्या वासाचं. आपण महत्त्वाच्या जागी आलो, हे डोळ्यांआधी पायांना समजतं! इमारत फोटोत कळत नाही, हा फ्रॅम्प्टनचा आग्रह मला शंभर टक्के पटतो.

वास्तुकार चार्ल्स कोरिया यांच्या कामावरही फ्रॅम्प्टननं लिहिलं आहे. मुंबईची त्यांची कांचनजंगा ही निवासी इमारत (१९८३) बघा. पश्चिमेला समुद्र आणि वारा, पण दुपारचं ऊन आणि पावसाची झोडही तिकडूनच. म्हणून कोरियांनी ऊन-पाऊस अडवणारा बंगल्याचा व्हरांडा उचलून उंच इमारतीत नेला: कोपऱ्यांत दोन मजले उंचीच्या खोल गच्च्या. रस्त्यावरूनही त्या स्पष्ट दिसतात.