परसदारचा आंबा आणि बांडगूळ : गैरसमज व वस्तुस्थिती

हातकणंगले आणि आळते-कुंभोजच्या परिसरात जुन्या घरांच्या परसदारी जे रायवळ आंबे उभे आहेत, त्यांच्याकडे माघ-फाल्गुनात मान वर करून पाहिले, तर मोहोरलेल्या शेंड्यांमध्ये एखादा जाड, फिकट पानांचा निराळाच झुबका आणि त्यात नारिंगी छटेची नळीदार फुले दृष्टीस पडतात. हेच बांडगूळ, आणि त्याच्याविषयीच्या रूढ समजुतींपायी कित्येक उत्तम झाडे अकारण वाळतात किंवा तोडली जातात, म्हणून हा खुलासा.

गैरसमज : बांडगूळ सर्वस्वी ऐतखाऊ असते.
दुसऱ्याच्या जिवावर जगणाऱ्या माणसाला आपल्या भाषेने हे नाव बहाल केले असले, तरी शास्त्रदृष्ट्या बांडगूळ अर्धपरोपजीवी आहे. आपले अन्न ते हिरव्या पानांत स्वतःच सिद्ध करते, मात्र त्यासाठी लागणारे पाणी व क्षार शोषक मुळांवाटे आंब्याच्या काष्ठातून घेते. म्हणूनच केवळ खतपाणी वाढवल्याने ते हटत नाही, कारण त्या खतपाण्याचा हिस्सा त्यालाही पोचतो.

गैरसमज : झाडावर उगवलेले ते सारे बांडगूळ.
आमरीलाही, म्हणजे झाडावर वाढणाऱ्या ऑर्किडलाही, पुष्कळ लोक बांडगूळच म्हणतात. परंतु ती सालीला केवळ बिलगून राहते आणि पाऊस व हवेतील ओलावा यांवर गुजराण करते, झाडाच्या रसाला स्पर्श करीत नाही. जोडाच्या जागी फांदीला फुगीर गाठ असेल, तरच ते बांडगूळ समजावे.

गैरसमज : रोगट झाडातून ते आपोआप उपजते.
त्याचे बी फुलटोच्या हा चिमुकला पक्षी आणतो. पिकलेले फळ गिळल्यावर विष्ठेतून पडणारे बी इतके चिकट असते, की ते फांदीला डिंकासारखे धरून बसते आणि तेथेच, मातीवाचून, रुजते. पक्षी आणि बांडगूळ यांच्या या संबंधाविषयी सालिम अली यांनी कोकणातील आपली निरीक्षणे 1931 साली प्रसिद्ध केली होती.

गैरसमज : पाला ओरबाडला की काम फत्ते.
अशी एक गाठ करवतीने उभी चिरली, तेव्हा दोन निराळी लाकडे पाचरीसारखी एकमेकांत रुतलेली मला स्पष्ट दिसली. वरचा झुबका कितीही वेळा उपटला, तरी आतल्या या अवशेषातून पुन्हा कोंब फुटतात. त्याची मुळे सालीवरूनही पसरून जागोजागी आत शिरतात, यास्तव गाठीच्या खाली एक ते दीड फूट अंतर सोडून निरोगी भागातच फांदी कापावी आणि ती बांडगुळाला फळे धरण्यापूर्वी कापावी. शंभर ग्रॅम मोरचूद व शंभर ग्रॅम कळीचा चुना एक लिटर पाण्यात वेगवेगळे भिजवून, मग एकत्र करून केलेला बोर्डो मलम ताज्या कापावर लावावा. मोरचुदासाठी लोखंडी भांडे मात्र वापरू नये.

गैरसमज : अखेरीस झाडच तोडावे लागते.
वेळीच छाटणी केली, तर तशी पाळी सहसा येत नाही. शिवाय 1964 च्या वृक्षतोड अधिनियमाच्या अनुसूचीत आंब्याचा समावेश असल्याने, झाड स्वतःच्या मालकीचे असले तरी, रीतसर अर्ज करून परवानगी घेतल्यावाचून ते तोडता येत नाही.

फुलटोच्या पुन्हा येणारच, आणि त्याने यावे हेही इष्टच आहे. म्हणून एकदा फांदी कापून निश्चिंत न होता, दर माघात मोहोर पाहण्यासाठी मान वर कराल तेव्हा फांद्यांवरच्या गाठीही पाहाव्यात, कारण बोटाएवढ्या डहाळीवर जे काम कोयत्याच्या एका घावाने उरकते, तेच दहा वर्षांनी बुंध्यापाशी पोचल्यावर कोणाच्याच हाती राहत नाही.