हिमालयाचे पाणी, चार देशांची वीज

१५ नोव्हेंबर २०२४ रोजी नेपाळमधील ४० मेगावॅट वीज भारताच्या तारांवरून बांगलादेशात पोहोचली. पहिल्या वर्षी ती जेमतेम एक दिवस गेली, कारण करारात ठरलेला पाच महिन्यांचा हंगाम त्याच दिवशी संपत होता. पुढच्या वर्षी, १५ जून २०२५ पासून, ती पुन्हा सुरू झाली. ४० मेगावॅट म्हणजे किती? कोयना धरणाच्या पायथ्याशी जे छोटे वीजगृह आहे तेवढीच. मात्र एवढ्याशा विजेसाठी तीन देशांच्या वीज संस्थांना काठमांडूत ३ ऑक्टोबर २०२४ रोजी एकत्र बसून सह्या कराव्या लागल्या, आणि तिथवर येण्यात कित्येक वर्षे गेली होती. हे सारे इतके अवघड का, आणि तरीही ते करण्यासारखे का, हे समजून घ्यायचे तर आधी पाण्याकडे आणि तारांकडे पाहावे लागेल. पैसा आणि राजकारण नंतर येईल.

नववी-दहावीच्या वर्गात आपण स्थितिज ऊर्जेचे सूत्र शिकवतो: वस्तुमान, गुरुत्वत्वरण आणि उंची यांचा गुणाकार. जलविद्युत केंद्र म्हणजे हेच सूत्र डोंगरात कोरलेले. भूतानमधील वांगछू नदीवरचा ताला प्रकल्प घ्या. तेथे नदीचे पाणी सुमारे २३ किलोमीटर लांबीच्या बोगद्यातून नेऊन सुमारे ८२० मीटर खाली सोडले जाते. पूर्ण क्षमतेने चालताना दर सेकंदाला सुमारे १४२ घनमीटर पाणी जलचक्क्यांवर पडते. एक घनमीटर पाणी म्हणजे १००० किलोग्रॅम. विद्यार्थ्यांना गुणाकार करू द्या: १४२ × १००० × ९.८ × ८२०. उत्तर येते सुमारे ११४ कोटी वॅट, म्हणजे ११४० मेगावॅट. त्यातले दहा टक्के घर्षणात व यंत्रांत जातात असे धरले, तर हाती उरतात हजाराहून थोडे अधिक मेगावॅट. तालाची नोंदलेली क्षमता १०२० मेगावॅट आहे. पुस्तकातले सूत्र प्रत्यक्षाशी इतके जुळलेले पाहून मुलांना आनंद होतो.

पण या गुणाकारातली एक संख्या वर्षभर सारखी राहत नाही, ती म्हणजे १४२. कोयनेच्या शिवसागर जलाशयात सुमारे १०५ टीएमसी पाणी साठते, म्हणून पावसाळ्यातले पाणी मे महिन्यातही वापरता येते. ताला किंवा त्याच नदीवर त्याच्या वरच्या अंगाला असलेला चुखा हे असे साठ्याचे प्रकल्प नव्हेत. नदीला जेवढे पाणी तेवढी वीज, असा त्यांचा हिशेब. पावसाळ्यात पाऊस आणि वितळते बर्फ यांमुळे नदी दुथडी भरून वाहते. जानेवारी-फेब्रुवारीत बर्फ गोठलेले आणि पाऊस नाही, त्यामुळे जनित्रे जवळजवळ रिकामी बसतात. हिवाळ्यात भूतानची वीजनिर्मिती पूर्ण क्षमतेच्या सुमारे पाचव्या भागावर येते. थंडी तर कडाक्याची, आणि खोल्या उबदार ठेवायला वीज लागते. म्हणून ज्या देशाची ओळख वीज विकणारा अशी आहे, तोच देश हिवाळ्यात भारताकडून वीज विकत घेतो. नेपाळचीही गत तीच. २०१६ पर्यंत काठमांडूत हिवाळ्यात दिवसाचे दहा-बारा तास, आणि काही वर्षी त्याहूनही अधिक, भारनियमन असे. ते दूर झाले यात भारतातून येणाऱ्या विजेचाही वाटा होता.

आता दक्षिणेकडच्या मैदानात या. बिहार, उत्तर प्रदेश, दिल्ली, बांगलादेश येथे विजेची सर्वाधिक मागणी केव्हा असते? उन्हाळ्यात आणि दमट पावसाळ्यात, जेव्हा पंखे, कूलर, वातानुकूलन यंत्रे आणि शेतीचे पंप एकदम चालतात. बांगलादेशातली मागणी हिवाळ्यात बरीच उतरते. म्हणजे डोंगराकडे वीज जास्त असते तेव्हा मैदानाला ती हवी असते, आणि डोंगराला तुटवडा पडतो तेव्हा मैदानाकडे केंद्रे मोकळी असतात. शेजाऱ्यांच्या गरजा इतक्या नेमक्या उलट असणे, हे व्यापारासाठी याहून सोयीचे काय असणार?

कोळशापासून वीज करताना दर युनिटमागे सुमारे एक किलोग्रॅम कार्बन डायॉक्साइड हवेत जातो. नैसर्गिक वायूवर हे प्रमाण साधारण निम्मे. ४० मेगावॅट पाच महिने अखंड म्हणजे सुमारे १४ कोटी ४० लाख युनिट. त्याच्या जागी कोळसा जळला असता तर जवळपास दीड लाख टन, वायू जळला असता तर त्याच्या निम्मे, हा झाला वाचलेला धूर. करारातला दर युनिटला ६.४ अमेरिकी सेंट आहे. त्या हिशेबाने एका हंगामात नेपाळच्या पदरी सुमारे ९२ लाख डॉलर पडतात. दोन्ही आकडे लहान आहेत. पण नेपाळमधल्या नद्यांवर दरवर्षी नवी केंद्रे उभी राहत आहेत आणि २०२३-२४ च्या आर्थिक वर्षात नेपाळने पहिल्यांदा आयातीपेक्षा अधिक वीज निर्यात केली. भारताने जानेवारी २०२४ मध्ये दहा वर्षांत १०,००० मेगावॅट वीज नेपाळकडून घेण्याचा करार केला आहे.

वीज पोहोचवायला ट्रक किंवा बोट चालत नाही. प्रत्यावर्ती विद्युतधारेच्या जाळ्यात जोडलेली सगळी जनित्रे एका तालात फिरावी लागतात. आपल्याकडे हा ताल सेकंदाला ५० आवर्तनांचा. एकाच जाळ्यातले पुण्याचे जनित्र आणि भूतानचे जनित्र एकमेकांपासून हजारो किलोमीटरवर असले, तरी भजनी मंडळातल्या टाळकऱ्यांसारखे एकत्रच वाजतात. भारताचे दक्षिणेकडचे जाळे बराच काळ वेगळे होते. ३१ डिसेंबर २०१३ रोजी रायचूर-सोलापूर ही ७६५ किलोव्होल्टची वाहिनी जोडली गेली आणि सारा देश एका वारंवारितेवर आला. भूतान आणि नेपाळ याच तालात सामील आहेत. पण एका तालात येणे म्हणजे एकाचे दुखणे दुसऱ्याला लागण्याची शक्यताही आली. एकीकडे मोठा बिघाड झाला की वारंवारिता सर्वत्र डळमळते.

बांगलादेशाने म्हणून वेगळा मार्ग निवडला. पश्चिम बंगालमधील बहरामपूरहून येणारी वीज बांगलादेशातील भेडामारा येथे प्रथम दिष्ट विद्युतधारेत बदलतात आणि लगेच, त्याच आवारात, पुन्हा प्रत्यावर्ती करतात. दोन्ही जाळी शेजारी राहतात पण हात धरत नाहीत. प्रत्येकाचा ताल आपापला. २०१३ मध्ये ५०० मेगावॅटचे हे केंद्र सुरू झाले, पुढे ते दुप्पट झाले. असे केंद्र पाहायला बांगलादेशात जायला नको. चंद्रपूर जिल्ह्यात भद्रावतीजवळ १९९० च्या दशकाअखेरीस उभे राहिलेले केंद्र याच जातीचे आहे. पश्चिम आणि दक्षिण ही दोन जाळी एक होण्यापूर्वी त्यांच्यामधली देवाणघेवाण तेथूनही होत असे. नेपाळची ती ४० मेगावॅट वीज ढल्केबरहून मुझफ्फरपूरला येते, भारताच्या जाळ्यात मिसळते आणि बहरामपूरमार्गे भेडामाऱ्याला निघते. अर्थात तेच इलेक्ट्रॉन तिकडे पोहोचत नाहीत. एका टोकाला जेवढी ऊर्जा घातली, तेवढी, वाटेतली गळती वजा करून, दुसऱ्या टोकाला काढली, एवढाच त्याचा अर्थ. बँकेत भरलेल्या नोटा आणि काढलेल्या नोटा वेगळ्या असतात तसेच.

पैशाची बाजू भूतानच्या उदाहरणात चांगली दिसते. चुखा प्रकल्पाचा करार १९७४ साली झाला आणि १९८६ ते १९८८ या काळात त्याची ३३६ मेगावॅटची जनित्रे चालू झाली. खर्चातली ६० टक्के रक्कम भारताने अनुदान म्हणून दिली, ४० टक्के ५ टक्के व्याजाने कर्ज म्हणून, आणि भूतानने वापरून उरलेली वीज भारताने विकत घ्यायची असे ठरले. त्या विजेच्या पैशातून भूतानमध्ये शाळा आणि दवाखाने उभे राहिले. पुढे अटी बदलत गेल्या. ७२० मेगावॅटच्या मांगदेछू प्रकल्पात, जो २०१९ मध्ये सुरू झाला, अनुदान ३० टक्के आणि कर्ज ७० टक्के होते, व्याज १० टक्के. पुनात्सांगछू-१ या १२०० मेगावॅटच्या प्रकल्पात तर २०१३ साली धरणाच्या जागी नदीचा उजवा काठच सरकू लागला. काम रखडले, खर्च मूळ अंदाजाच्या कितीतरी पट झाला, आणि व्याज काही थांबत नाही. भूतानचे बाह्य कर्ज त्याच्या वार्षिक सकल उत्पन्नाच्या पलीकडे गेले, त्यात मोठा वाटा जलविद्युतचा आहे. डोंगराची भूगर्भीय जोखीम छोट्या देशाने एकट्याने कर्जरूपाने उचलावी, हे आम्हाला न्याय्य वाटत नाही. वीज दोघांची, तर काठ सरकण्याचा धोकाही दोघांत वाटला गेला पाहिजे.

याहून कमी चर्चिला गेलेला प्रश्न हिशेबाचा आहे. प्रत्येक देश आपल्या हद्दीत किती हरितगृह वायू सोडले याची यादी संयुक्त राष्ट्रांच्या हवामान करारानुसार सादर करतो. नियम असा की वायू जिथे हवेत गेला, तिथे त्याची नोंद. भूतानच्या विजेमुळे बिहारमधला कोळसा जळायचा वाचला, तर ती घट भारताच्या यादीत दिसते. भूतानच्या यादीत तिचा मागमूस नसतो. याच्या उलट उदाहरण झारखंडमधल्या गोड्डा येथे आहे. २०२३ मध्ये सुरू झालेले तेथील १६०० मेगावॅटचे कोळशाचे केंद्र बांगलादेशाला वीज देण्यासाठीच बांधले गेले. दिवे तिकडे लागतात, धूर भारताच्या नावावर. शेजाऱ्यांचे सहकार्य म्हटले की ते आपोआप स्वच्छ असेल असे मुळीच नाही, हेही यातून लक्षात येते: नेपाळची ४० मेगावॅट आणि गोड्डाची १६०० यांत चाळीस पटींचा फरक आहे.

या हिशेबाचा तोडगा एकदा निघाला होता. भूतानमधील दागाछू हा १२६ मेगावॅटचा प्रकल्प. त्यात मुंबईच्या टाटा पॉवर कंपनीची २६ टक्के भागीदारी आहे. क्योटो करारातील स्वच्छ विकास यंत्रणेत २०१० साली त्याची नोंद झाली, तेव्हा एका देशात वीज निर्माण करून दुसऱ्या देशातला धूर वाचवल्याबद्दल कार्बनची पतपत्रे मिळवणारा तो जगातला पहिला प्रकल्प ठरला. कल्पना फार चांगली होती. पण २००८ च्या सुमारास एका टनाला दहा युरोंहून अधिक भाव मिळवणारी ही पतपत्रे २०१२-१३ पर्यंत एका युरोच्याही खाली घसरली, आणि दागाछूची जनित्रे सुरू झाली २०१५ मध्ये! मालाला भाव नसताना बाजारात पोहोचलेल्या कांद्याच्या गाडीसारखे हे झाले.

राजकारणही आहेच. चीनची गुंतवणूक असलेल्या किंवा चिनी ठेकेदाराने बांधलेल्या केंद्रांची वीज भारत घेत नाही, अशी नेपाळची तक्रार आहे. भारताची सावधगिरी समजण्यासारखी आहे, पण तिचा भार शेवटी नेपाळच्या नदीकाठच्या गुंतवणूकदारांवर येतो. महाकाली करार १९९६ मध्ये झाला. त्यातले पंचेश्वर धरण आजही कागदावर आहे. आणि गंमत अशी की हिवाळ्यातली तूट भरून काढू शकतील असे मोठ्या साठ्याचे प्रकल्प नेमके तेच आहेत, ज्यांवर दोन देशांचे एकमत होत नाही, कारण साठा म्हटला की विस्थापन आले, आणि खालच्या देशाला पूरनियंत्रण व सिंचनाचा जो फायदा होतो त्याची किंमत कोणी किती द्यायची हा वाद आला.

ज्या तापमानवाढीला आळा घालायचा म्हणून ही वीज हवी, तीच तापमानवाढ या केंद्रांच्या मुळावर उठू लागली आहे. हिमनद्या मागे हटतात, त्यांच्या तोंडाशी दगडमातीच्या बांधाआड तळी साचतात आणि बांध फुटला की सारे पाणी दरीत कोसळते. ४ ऑक्टोबर २०२३ रोजी सिक्कीममधील दक्षिण ल्होनाक तळ्याच्या बाबतीत असेच झाले आणि तीस्ता-३ प्रकल्पाचे चुंगथांगचे धरण वाहून गेले. भूतानने हा अनुभव ७ ऑक्टोबर १९९४ रोजीच घेतला होता. लुग्गे तळे फुटून फो छू नदीला आलेल्या पुरात वीसहून अधिक माणसे गेली आणि पुनाखाच्या प्राचीन किल्ल्याला धक्का बसला. पुनात्सांगछूचे दोन्ही प्रकल्प याच नदीच्या खालच्या अंगाला आहेत, आणि पुढे हीच नदी संकोश या नावाने आसाम आणि बंगालच्या सीमेवर उतरते. लुग्गेशेजारच्या थोरथोर्मी तळ्याची पातळी कमी करण्यासाठी शेकडो मजूर अनेक उन्हाळे समुद्रसपाटीपासून चार हजार मीटरहून अधिक उंचीवर राबले. तेथवर यंत्रे नेता येत नव्हती. पहारी, फावडी आणि हात यांनी दगड हलवून त्यांनी तळ्याला वाट करून दिली. २०१२ पर्यंत पाणी सुमारे पाच मीटर खाली आले होते. धोक्याची सूचना देणारे भोंगे आता पुनाखाच्या दरीत बसवलेले आहेत, आणि भूतानमधल्या नद्यांची पातळी व पाऊस यांची माहिती पुराच्या दिवसांत भारताकडे पाठवली जाते.