अंधाराचा कारागीर

एप्रिल २०२४ मध्ये मुंबईत गंगू रामसे यांचे निधन झाले, तेव्हा ते ८३ वर्षांचे होते. वृत्तपत्रांनी चार ओळी छापल्या आणि त्यांतही 'भयपटवाले रामसे बंधू' हीच ओळख पुढे केली. हे सात बंधू एकाच नावाने ओळखले गेले, त्यामुळे त्यांतल्या प्रत्येकाने नेमके काय केले याची विचारपूस फारशी कोणी केली नाही. गंगू हे त्यांतले छायालेखक. पडद्यावर ज्या अंधाराला दोन पिढ्या घाबरल्या, तो अंधार बव्हंशी त्यांनी रचलेला होता.

आम्ही या चित्रपटांचे भक्त नव्हे, हे आधीच सांगून टाकतो. त्यांतील स्नानगृहातले प्रसंग, ओढूनताणून आणलेला विनोद आणि स्त्रीदेहाचा केलेला व्यापार यांचे समर्थन आम्ही कधी केले नाही, आजही करणार नाही. परंतु एखाद्या कलाकृतीची अभिरुची हीन आहे म्हणून तिच्या कारागिरीकडे पाहूच नये, हा न्याय आम्हांस मान्य नाही.

रामसे कुटुंब मूळचे कराचीचे. वडील फतेहचंद रामसिंघानी यांचा तेथे रेडिओचा व्यवसाय होता. इंग्रज गिऱ्हाइकांना आडनाव उच्चारता येईना, म्हणून त्याचे 'रामसे' झाले. फाळणीनंतर मुंबईत लॅमिंग्टन रोडवर पुन्हा दुकान थाटले गेले आणि त्याच कमाईतून चित्रनिर्मितीचा नाद लागला. १९७० चा 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' पडला. पण पृथ्वीराज कपूर भयानक मुखवटा घालून चोरी करतात, तेवढ्या प्रसंगाला प्रेक्षक दाद देतात, हे मुलांनी हेरले. पुढचा सगळा प्रपंच त्या एका निरीक्षणावर उभा राहिला.

हे बंधू कोणत्याही चित्रसंस्थेत शिकले नाहीत. श्रीनगरच्या एका हाउसबोटीत मुक्काम ठोकून त्यांनी जोसेफ मॅसेली या अमेरिकन छायालेखकाचे चित्रणकलेवरचे पाठ्यपुस्तक वाचून काढले आणि मग कामे वाटून घेतली. कुमार लेखनास, तुलसी व श्याम दिग्दर्शनास, किरण ध्वनीस, अर्जुन संकलनास, केशू निर्मितीस आणि गंगू कॅमेऱ्यास. जुन्या नाटकमंडळीत गाणारा, रंगवणारा, पडदा ओढणारा असे सगळे एकाच बिऱ्हाडात नांदत, तसेच हे.

१९७२ चा 'दो गज जमीन के नीचे' महाबळेश्वरी चाळीस दिवसांत आणि साडेतीन लाख रुपयांत पुरा झाला. स्टुडिओत देखावा उभारण्यास पैसा नाही, तेव्हा खरी घरे, खरे रान, खरे धुके. ही गरिबी छायालेखकाच्या पथ्यावर पडली, असे आमचे मत आहे. गंगूंच्या चित्रणात जुनी वास्तू नुसती पार्श्वभूमी म्हणून उभी नसते. ती स्वतःच एक पात्र होते. १९८४ च्या 'पुराना मंदिर'मधील वाडा कोकण किनाऱ्यावरील मुरूडच्या नवाबी राजवाड्यात चित्रित झाला. दिवसाउजेडी तो राजवाडा पाहणाऱ्यास समुद्राकाठची एक देखणी इमारत दिसते. कॅमेऱ्याने मात्र खालून टाकलेला प्रकाश, निळ्या-लाल काचा आणि धूर यांच्या आधारे त्याच भिंतींतून दोन शतकांचा शाप उभा केला.

यात एक व्यावहारिक खुबी होती. राक्षसाचा मुखवटा रबरी आणि रंग स्वस्त. पूर्ण उजेडात तो आणला असता, तर चित्रगृहात हशा पिकला असता. म्हणून आधी सावली, मग हात, मग डोळे, आणि सगळे रूप क्षणभरच. अजय अगरवाल या उंच नटाचा 'सामरी' प्रेक्षकांच्या स्मरणात राहिला तो या काटकसरीमुळे. मागाहून आलेल्या संगणकी भुतांना सर्वांग उजेडात मिरवण्याची हौस फार, आणि म्हणूनच त्यांची भीती वाटत नाही.

पुढे 'वीराना' (१९८८), 'बंद दरवाजा' (१९९०) आणि १९९३ पासून दूरचित्रवाणीवरचा 'झी हॉरर शो'. अक्षयकुमार यांच्या काही मारधाडपटांनाही त्यांच्या कॅमेऱ्याचा हात लागला. पण त्यांचे खरे राज्य रात्रीचे.

छायालेखकाचा सन्मान आपल्याकडे उशिराच होतो. 'कागज के फूल'मधला प्रकाशाचा झोत ज्यांनी साकारला, त्या व्ही. के. मूर्तींना २००८ चा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. तो मिळवणारे ते पहिले छायालेखक, आणि 'कागज के फूल' तर १९५९ चा! मूर्तींसारख्या अभिजात कलावंताची ही गत, तेथे भयपटवाल्याने कशाची अपेक्षा करावी? गोमंतकीयांना हे दुःख नवे नाही. मुंबईच्या चित्रसंगीतात सेबॅस्टियन डिसोझांपासून कितीतरी गोवेकरांनी वाद्यमेळ बांधला. गाणी घरोघरी पोचली, बांधणाऱ्यांची नावे मात्र श्रेयनामावलीत शोधूनही सापडत नाहीत.

पुरस्काराचे सोडा. प्रश्न फितींचा आहे. हे चित्रपट तालुक्याच्या चित्रगृहांतून फिरून झिजले. त्यांना प्रतिष्ठा नसल्याने त्यांच्या जतनाची तळमळ कोणाला वाटावी? पडद्यावरचा काळोख जपण्यास मूळ निगेटिव्ह शाबूत असावी लागते. झिजलेल्या प्रतीवरून केलेल्या नकलेत काळा रंग राखाडी होतो आणि गंगूंनी योजलेली छटाच नाहीशी होते. सरकारी चित्रसंग्रहालयाने या फितींचा शोध घेऊन त्या दुरुस्त कराव्यात. २००४ पासून आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव पणजीत भरतो आणि त्यात पुनरुज्जीवित जुने चित्रपटही दाखविले जातात. तेथे एखाद्या रात्री उशिराच्या खेळाला 'पुराना मंदिर' लावावा, आणि आरंभी निवेदकाने छायालेखकाचे नाव घ्यावे.